आबांचा नारळ आणि बारावा हिरा

"म्हातारं हितं बी पाणी हुडकतंय का काय गं?"

शेजारच्या काकू दारातून हळूच म्हणाल्या. हळूच म्हणजे, खोलीतल्या सगळ्यांना ऐकू जाईल इतपत हळूच. खोलीत दहा-बारा माणसं होती, ती सगळी हसली. मामीनं पदर तोंडाला लावला. मामानं मांडीवर थाप मारली. आणि मी, खेळाची बटणांची डबी हातात घेऊन टीव्हीच्या सगळ्यात जवळ बसलेली, मीसुद्धा हसले.

आबांनी ऐकलं. आबा म्हणजे माझ्या आईचे वडील. दोन्ही हात पाठीमागे बांधून ते टीव्हीच्या काचेपासून वीतभर अंतरावर वाकले होते आणि डोळे बारीक करून काहीतरी निरखत होते. ते सावकाश सरळ झाले. आधी काकूंकडं बघितलं, मग माझ्याकडं. "मला काय कळतंय त्यातलं," म्हणाले, उंबऱ्याबाहेर पायात चपला सरकवल्या आणि अंगणात गेले.

काकूंचं मला काही वाटलं नाही. त्या सगळ्यांनाच बोलायच्या. मला स्वतःच्या हसण्याचं वाटलं. ते तोंडातून निघून गेलं होतं आणि आता परत घेता येत नव्हतं.

मामा मस्कतला कामाला होता. त्या उन्हाळ्यात सुट्टीवर येताना त्यानं तो टीव्हीवरचा खेळ आणला होता. आमच्यासाठी नाही, सोलापूरच्या त्याच्या एका मित्रासाठी. पण मित्राकडं पोचवायला अजून चार दिवस होते, तेवढ्यात आपण बघून घेऊ म्हणून त्यानं तो घरच्या काळ्या-पांढऱ्या टीव्हीला जोडला. एक बुटका माणूस डावीकडून उजवीकडं पळायचा. विटांच्या, ढगांच्या पायऱ्यांवर उड्या मारायचा. मध्ये खड्डे, वर वटवाघळं. चार मजले होते, म्हणजे मामा त्यांना मजले म्हणायचा. प्रत्येक मजल्यावर तीन हिरे लपवलेले होते. ते दिसायचे नाहीत. रिकाम्या हवेत बरोबर जागी उडी मारली, की त्या माणसाचं डोकं कशाला तरी ठाणकन आपटायचं आणि तिथं हिरा उगवायचा. वरच्या कोपऱ्यात बारा चौकोन होते. हिरा मिळाला की एक चौकोन भरायचा. आमचे अकरा भरले होते. तिसऱ्या मजल्यावरचा एक तेवढा सापडत नव्हता, आणि उद्या सकाळच्या एसटीनं मामा तो डबा घेऊन सोलापूरला जाणार होता.

बारावा हिरा शेवटी सापडला, हे आत्ताच सांगून टाकते. उगीच कुणाचा जीव टांगणीला नको. मला सांगायचंय ते त्याच्या थोडं आधीचं आहे.

अकरातले सात मी शोधले होते. त्यात हुशारी नव्हती. मी सोलापुरात इंग्रजी शाळेत शिकले, बोर्डिंगमध्ये राहिले आणि आता तिथंच कॉलेजात होते. सुट्टीत आजोळी आले की माझी जीभ टाळ्याला चिकटायची. माझं मराठी पुस्तकातल्यासारखं यायचं. एकदा हापशावर मी "मला थोडे पाणी मिळेल का?" असं विचारलं होतं, तर पुढं आठवडाभर गल्लीतल्या पोरी एकमेकींना तेच विचारत फिरत होत्या. तेव्हापासून मी न बोलण्याची सवय लावून घेतली. बोललं नाही की चुकत नाही. मग एवढ्या माणसांत एखादी मुलगी नजर खाली घालून बसायची तर तिला हाताला काम लागतं, आणि ती बटणांची डबी मला चांगली सापडली होती. मी खेळत असले की कुणी मला काही विचारत नसे.

"भाचीबाई, आमच्या कंपनीत लावू का तुला?" मामा म्हणायचा. "बोलायची गरजच न्हाय तिथं. नुसती बटणं."

मी हसायचे. हसणं हे माझं ठरलेलं उत्तर होतं. त्या दुपारीही मी तेवढ्याच सवयीनं हसले असेन, असं नंतर मी स्वतःला पुष्कळदा सांगून बघितलं.

आबा पाणाड्या होते. जमिनीखालचं पाणी सांगायचे. विहीर खणायची म्हटलं की ढोकीपासून पार बेंबळीपर्यंतची माणसं त्यांना न्यायला यायची. दिवस उगवायच्या आत, चहासुद्धा न पिता ते अनवाणी निघायचे. उजव्या तळहातावर नारळ आडवा ठेवून शेतातून चालायचे, आणि एका जागी तो नारळ तळहातावर उभा राहायचा. तिथं दगड रोवायचा, हळद-कुंकू वाहायचं आणि खणायला लागायचं. पैसे ते घ्यायचे नाहीत. तो नारळ फोडून अर्धा तिथंच वाटायचे आणि अर्धा घरी आणायचे.

मी सात-आठ वर्षांची असताना एकदा त्यांच्याबरोबर गेले होते. मी टक लावून नारळाकडं बघत चालले होते, तर ते वाकून माझ्या कानात म्हणाले, "नारळाकडं न्हाय, भुईकडं बघ. नारळ लोकांसाठी असतोय."

मग त्यांनी मला हळूहळू दाखवलं. बांधावर एकटंच उंबराचं झाड का हिरवं आहे. वारूळ कुठं आहे. भर उन्हाळ्यात गावातलं कुत्रं कुठल्या मातीत अंग टाकतं. त्यांचे तळपाय भेगाळलेले होते, पण माती गार आहे की नुसती सावलीची आहे हे त्या भेगांना कळायचं. म्हणून अनवाणी. ही गोष्ट त्यांनी दुसऱ्या कुणाला सांगितली असेल असं मला वाटत नाही. मीही कुणाला सांगितली नाही. माझ्याकडं सांगायचं राहिलेलं पुष्कळ असतं.

आता मात्र त्यांच्या पायात चपला होत्या. ढोकीच्या बाजारातून घेतलेल्या, जाड टायरच्या. दोन वर्षांपूर्वी गावातल्या आठ घरांनी मिळून एक विहीर खणली होती. तेव्हा आमच्याकडं जे ते मिळून करायचे दिवस होते, कारखाना मिळून, डेअरी मिळून. तसं विहीरही मिळून. जागा आबांनी सांगितली होती. दगड वर ओढायला यारी लावली, सुरुंग लावले, सात परस, म्हणजे सात पुरुष खोल, खाली गेले. ओला खडकसुद्धा लागला नाही. आबांना कुणी एका शब्दानं बोललं नाही. नुसतं बोलवायचं बंद झालं. मग बाहेरून बोअरची गाडी यायला लागली. त्याच महिन्यात आबांनी चपला घेतल्या.

तर त्या चपला वाजल्या, आबा बाहेर गेले, आणि मी बुटक्या माणसाला पुन्हा पहिल्या वटवाघळापाशी आणलं. एवढ्यात वेशीकडून टँकरचा हॉर्न वाजला.

खोली क्षणात रिकामी झाली. ऊस नव्हता म्हणून कारखान्याचा भोंगा त्या साली गप्प होता. गावाला उठवणारा आवाज आता टँकरचाच. मामी घागर आणि बादली घेऊन पळाली, मामा पिंप गडगडवत तिच्यामागं. मी उठले तशी मामी ओरडली, "तू नको गं! तिथं रेटारेटीत तुझा कुटाणा हुतोय. तू आपला त्यो माणूस सांभाळ." काकू सगळ्यांच्या पुढं होत्या.

मी खेळ थांबवला. बुटका माणूस हवेत तंगड्या पसरून अर्ध्या उडीतच राहिला. मी बाहेर आले.

आबा गोठ्याच्या सावलीत दगडावर बसले होते. गोठ्यात एकच म्हैस होती. बाकीची जनावरं सोनारीकडं मावशीच्या घरी पाठवली होती, तिकडं थोडा कडबा होता. चपला त्यांनी काढून शेजारी ठेवल्या होत्या. मी त्यांच्याजवळ जमिनीवर बसले. माफी मागायची होती, पण आमच्या घरात माफी कशी मागतात ते मला ठाऊक नव्हतं. इंग्रजीत एका शब्दात झालं असतं. तो शब्द मराठीत आणला तर हापशावरच्या वाक्यासारखाच दिसला असता.

म्हशीनं शेपटी झटकली. मग आबांनीच विचारलं,

"माय, ते हिरं लपवून कोण ठिवतंय?"

"माणूसच," मी म्हणाले. "जपानमधला कुणीतरी. तो खेळ तयार करतो ना, तोच ठेवतो."

"माणूस हाय का?" त्यांच्या डोळ्यांत काहीतरी हललं. "मग खूण ठिवली असणार त्यानं. भुई लपवती तवा कुणासाठी लपवत न्हाय. पर माणूस लपवतोय ते कुणाला तरी घावावं म्हणूनच की. खुणंबिगर लपवील तर त्यो कसला खेळ?"

 चार दिवस मी त्या पडद्यावर डोळे फोडत होते आणि हा विचार माझ्या डोक्यात आला नव्हता. आम्ही सगळे अवघड जागा शोधत होतो. खड्ड्यांवर, वटवाघळांच्या मागं.

"तुम्हाला दिसलीय खूण?"

त्यांनी काटकी घेतली आणि मातीत तीन टिंबं काढली. थोडं अंतर सोडून पुन्हा तीन. पुन्हा तीन.

"ही झुडपं. त्यो माणूस पळतोय तिथं खाली झुडपं हायती, बघितली का? समदीकडं तीन-तीन. एका जागी मात्र एकच हाय." त्यांनी एक टिंब काढलं, एकटं. "मोठा खड्डा यायच्या आधी. तिथं ना वटवाघूळ, ना ईट, काय बी न्हाय. तुमी समदी तिथनं पळत जाता. काय नसलं की माणूस थांबतच न्हाय. तेच बघत हुतो मगाशी."

मग मगाशी का नाही सांगितलंत, हे मी विचारलं नाही. ते मला माहीत होतं. त्यात माझंही हसणं होतं.

त्यांनी पायानं टिंबं पुसून टाकली. आणि मग, मी काही न विचारता, त्या कोरड्या विहिरीबद्दल बोलले. दोन वर्षांत मी त्यांना त्यावर बोलताना ऐकलं नव्हतं.

"आठ जणांची हीर. परत्येकाला वाटायचं, आपल्या रानाजवळ पायजे. मग मीटिंग भरली. दोरी धरून मोजलं आणि समद्यांना सारकं अंतर पडंल असं मधोमध चुन्याच्या फक्कीचं रिंगण आखलं. मला म्हणले, आबा, ह्या फक्कीच्या आत बघा." त्यांनी काटकी मोडली. "आत पाणी नव्हतंच. मला पाय ठिवताच कळलं. पाणी हुतं वड्याच्या अंगाला, एकट्या उंबराखाली. पर ते माझ्या धाकट्या भावाच्या रानात. तिथं म्हणलं असतं तर आठ जणांची सात झाली असती. भांडणं लागली असती. समदी माझ्या हाताकडं बघत हुती. म्या नारळ हुबा क्येला."

"तुम्ही केलात?"

"क्येला की. लोकांसाठीच असतोय त्यो." ते हसले, पण ते हसणं लगेच विझलं. "नारळ खोटा पडला, त्याचं न्हाय वाटत. म्या गप बसलो, त्याचं वाटतंय. भीड पडली, बाळ. सात परस खडक फोडला माणसांनी माझ्या भिडंपायी."

 त्यांच्या हातावर हात ठेवावा असं वाटलं, पण ते जमलं नाही. मी नुसत्या त्यांच्या चपला उचलल्या आणि उन्हात होत्या त्या सावलीत सरकवल्या.

एवढ्यात पिंप, बादल्या, माणसं परत आली. निम्म्यांची लुगडी भिजली होती आणि सगळ्यांचे चेहरे आनंदी होते. त्या दिवशी टँकर भरून आला होता. चार वाजता लाइट जाणार, म्हणून सगळे थेट टीव्हीसमोर येऊन बसले.

"चल, भाचीबाई," मामा म्हणाला, "अर्धा तास हाय. आज न्हाय तर कधीच न्हाय."

दोन जीव उरले होते. म्हणजे बुटका माणूस दोनदा पडला असता तर पुन्हा पहिल्या मजल्यापासून. तेवढा वेळ नव्हता. मी डबी हातात घेतली आणि मला एकदम कळलं, की मी काहीच न बोलता त्या एकट्या झुडपापाशी थांबून उडी मारू शकते. हिरा मिळेल. सगळे टाळ्या वाजवतील. इंग्लिश मॅडम हुशार आहे म्हणतील. आबा दारात उभे राहून हसतील, आणि ही गोष्ट कुणाला कधीच कळणार नाही. मला ते सोपं होतं. मला नेहमी तेच सोपं असायचं.

तेवढ्यात मामाला गंमत सुचली. भिंतीतल्या देवळीतला नारळ उचलून तो दाराकडं गेला.

"आबा, या की! आता तुमीच सांगा. अकरा हुडकलं आमी, बाराव्याला पाणाड्याच लागतोय."

खोली खिदळली. आबा आत आले. मला वाटलं रागावतील, पण त्यांनी हसून नारळ तळहातावर घेतला. सगळ्यांना गंमत वाटत असताना ती मोडायची नाही, हा त्यांचा स्वभाव. ते भिंतीशी उभे राहिले. नारळ आडवा, हात पुढं.

"मोठ्या खड्ड्याच्या वर असणार," मामा म्हणाला. "तिथं कोणी जात न्हाय म्हणून तर ठिवलाय. व्हय का न्हाय आबा?"

"खड्ड्यावरच!" काकू म्हणाल्या. "बघा बघा, नारळ हालला!"

सगळे त्यांच्या हाताकडं बघत होते.

आबांनी माझ्याकडं बघितलं नाही. "व्हय," म्हणाले. "तिथंच असंल."

आणि त्यांच्या तळहातावर नारळ हळूच उभा राहिला. खोलीत टाळ्या पडल्या.

मी काय करायचं ते न कळून पुढं गेले. एकटं झुडूप आलं आणि मागं गेलं. खड्ड्यावर उडी मारली. डोकं कशालाच आपटलं नाही. बुटका माणूस हात वर करून सरळ खाली गेला आणि ती रडकी पिपाणी वाजली.

"कोरडी!" कुणीतरी मागून म्हणालं.

त्या वेळी कुणी मोठ्यानं हसलं नाही. ते जास्त वाईट होतं. मामानं नारळ आबांच्या हातातून काढून घेतला आणि म्हणाला, "जाऊ द्या आबा, तुमचा नेम भुईतच चालतोय, टीव्हीत न्हाय." आबा मान हलवून दाराकडं वळले. त्यांचा एक पाय उंबऱ्याबाहेर चपलेकडं गेला.

तिसरा मजला पुन्हा सुरू झाला. शेवटचा जीव. मी पहिलं वटवाघूळ ओलांडलं, दुसरं ओलांडलं. तीन झुडपं. तीन झुडपं. विटांचा पूल. मग ते एकटं झुडूप आलं, आणि मी बटणावरून बोट उचललं.

बुटका माणूस त्या झुडपाशेजारी उभा राहिला. वर रिकामी करडी हवा. कोपऱ्यातले वेळेचे आकडे उतरत होते.

"अगं चल की," मामी म्हणाली.

"लाइट जाईल, माय!" काकू म्हणाल्या.

"झोप लागली का मॅडमला?" मामा म्हणाला. "हितं काय हाय? मोकळं रान. पळ!"

 सगळे आता माझ्याकडं बघत होते, आणि तसं बघितलेलं मला सोसत नाही, अजूनही नाही. पण आबा उंबऱ्यातच थांबले होते. त्यांनीही पडद्याकडं बघितलं होतं. बुटका माणूस कुठं उभा आहे ते खोलीत दोघांनाच कळलं होतं, एक मला आणि एक त्यांना. त्यांनी मान अगदी थोडी हलवली. नको, र्‍हाऊ दे, अशी.

मी डबी मांडीवर ठेवली आणि मागं वळले. आवाज फुटेल की नाही याची खात्री नव्हती. फुटला, आणि मला वाटलं होतं त्यापेक्षा मोठा फुटला.

"आबा, ही जागा तुम्ही मगाशीच बघून ठेवलीय. आता भीड धरू नका. तुम्ही सांगितल्याशिवाय मी इथनं हलणार नाही. सांगा, कुठं उडी मारू?"